वायरो बाइंडिंगसाठी तार किती मिमीची घ्यावी?

बाइंडिंगसाठी कागद दुकानात दिले की पहिला प्रश्न येतो, “किती पानं आहेत?” आपण सांगतो, दोनशे चाळीस. दुकानातला मुलगा मागच्या खोक्यातून अंदाजाने एक तार उचलतो, पंचिंग होतं, आणि तासाभरात प्रत हातात येते. ती बरी आली तर ठीकच. पण पहिली आठ-दहा पानं उलटताना अडखळायला लागली, मागचं कव्हर पूर्ण फिरेना, महिन्याभरात भोकांच्या कडा फाटू लागल्या, तर समजावं की तार लहान पडली. पानं तारेत इकडून तिकडे घसरत असतील, गठ्ठा तिरपा होत असेल आणि पिशवीतून नेताना कड्या चेपत असतील, तर ती मोठी झाली. ज्या प्रबंधावर किंवा अहवालावर वर्ष-दोन वर्षं मेहनत घेतली, त्याची अशी अवस्था होऊ नये. ती टाळायला फूटपट्टी आणि दोन मिनिटं पुरतात.

पानांच्या आकड्यावरून तार ठरवू नका, कागदांच्या गठ्ठ्याची जाडी मोजून ठरवा. या लेखातलं बाकी सगळं यातूनच निघतं.

पानांचा आकडा फसवतो तो मुख्यतः मोजण्यातल्या गोंधळामुळे. कॉम्प्युटरवर फाइलच्या तळाशी २४० दिसतं, ती पृष्ठं असतात. एकाच बाजूला छापलंत तर २४० कागद होतील, दोन्ही बाजूंना छापलंत तर १२०. म्हणजे तारेच्या मापात जवळपास दुपटीचा फरक. दुकानात “दोनशे चाळीस पानं” एवढंच सांगितलं तर समोरचा यातलं काय समजला, हे नशिबावर सोडावं लागतं. तेव्हा नेहमी कागदांचा आकडा सांगा, किंवा गठ्ठाच पुढे ठेवा.

दुसरं कारण कागदाचं. साधा ७५ जीएसएमचा कॉपियर कागद साधारण ०.१ मिमी जाड असतो. ५०० कागदांचं रिम दाबून मोजलंत तर ५ सेंटिमीटरच्या आसपास भरतं. ७० जीएसएमचा कागद याहून किंचित पातळ. प्रबंधासाठी घेतात तो १०० जीएसएमचा बाँड ०.१२ ते ०.१३ मिमीपर्यंत जातो, म्हणजे दर शंभर कागदांमागे दोन-तीन मिलिमीटर वाढले. इथे एक बारकावा लक्षात ठेवावा: जीएसएम हे वजनाचं माप आहे, जाडीचं नाही. गुळगुळीत आर्ट पेपर दाबून घट्ट केलेला असतो, त्यामुळे १३० जीएसएमचा ग्लॉसी आर्ट पेपर हातात जड लागतो, पण जाडीला ७५ जीएसएमच्या साध्या कागदाच्याच जवळपास भरतो. रंगीत छायाचित्रांची पानं आर्ट पेपरवर आणि मजकूर बाँडवर, अशी मिश्र प्रत असेल तर कुठलाही तक्ता कामाला येत नाही. तिथे पट्टीच हवी.

मोजायचं कसं? सगळे कागद, पुढचं प्लॅस्टिकचं कव्हर, मागचा जाड कागद, मधले रंगीत विभाजक, जे जे तारेत ओवलं जाणार आहे ते सगळं एकत्र घ्या. टेबलावर उभं आपटून कडा सारख्या करा. मग गठ्ठा आडवा ठेवून जी बाजू बांधली जाणार आहे तिथे हाताने हलकं दाबा, आणि त्याच बाजूला पट्टी उभी धरून मिलिमीटर वाचा. जीव खाऊन दाबू नका. प्रत उघड-मीट करताना कागद तसे दाबलेले राहत नाहीत, मधे थोडी हवा असतेच. प्रिंटरमधून नुकते निघालेले कागद वाकलेले असतात, विशेषतः लेझर प्रिंटरचे. ते थोडा वेळ वजनाखाली ठेवून मग मोजावेत. घरात व्हर्नियर असेल तर उत्तम, नसला तरी शाळेतली पट्टी पुरेशी आहे, कारण तारांची मापं दीड ते तीन मिलिमीटरच्या टप्प्यांनीच वाढत जातात आणि शेवटची उडी तर त्याहूनही मोठी आहे.

आता या जाडीत किती मिसळायचं? सुतार-लोहारांच्या हिशेबाने सांगायचं तर एक सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग, ३ मिलिमीटरच्या थोडं वर. गठ्ठ्याची जाडी अधिक एक सूत, आणि जी तार त्याच्या बरोबरीची किंवा लगेच वरची मिळते ती घ्यायची. तारेचं माप म्हणजे ती बंद केल्यावर होणाऱ्या वर्तुळाचा व्यास. त्या वर्तुळातून कागदांना नुसतं बसायचं नसतं, फिरायचंही असतं. पान उलटताना ते तारेच्या गोलाईवरून सरकत जातं, आणि सरकायला लागणारी जागा हे एक सूत देतं. पातळ पुस्तिकेला अडीच मिलिमीटरची मोकळीक चालून जाते. जाड प्रतीला मात्र पूर्ण सूत हवंच, थोडं अधिक असलं तरी बिघडत नाही.

बाजारात मिळणारी मापं अशी: पाव इंच म्हणजे ६.४ मिमी, मग ८, ९.५, ११, १२.७ म्हणजे अर्धा इंच, १४.३, १६, १९, २२, २५.४ म्हणजे एक इंच, आणि सगळ्यात मोठी सव्वा इंच, ३२ मिमी. सुताचा नियम लावला तर ७५ जीएसएमच्या साध्या कागदाचे ६.४ मिमीत तीसेक, ९.५ मध्ये साठेक, १२.७ मध्ये नव्वद-पंचाण्णव, १९ मध्ये दीडशेच्या थोडे वर, २५.४ मध्ये दोनशे वीसच्या आसपास आणि ३२ मध्ये पावणेतीनशे ते दोनशे ऐंशी कागद सुखाने राहतात. तारा बनवणाऱ्यांच्या तक्त्यांत लहान मापांसमोर याहून थोडे जास्त कागद लिहिलेले आढळतात. तेवढे कागद मावतात, हे खरं. पण प्रत रोज उघडली जाणार असेल, परीक्षकाच्या, विद्यार्थ्यांच्या, गायकांच्या हातात फिरणार असेल, तर तक्त्याच्या टोकाला जाऊ नये, असं माझं ठाम मत आहे.

आता या विषयातली खरी अडचणीची जागा. वायरोच्या भोकांचे दोन प्रकार असतात. एकात दर इंचाला तीन भोकं पडतात, त्याला ३:१ म्हणतात. दुसऱ्यात दर इंचाला दोनच, पण मोठी, तो २:१. पातळ तारा सहसा ३:१ मध्ये येतात आणि त्यांची मजल १४.३ मिमीपर्यंत. १६ मिमीपासून पुढच्या जाड तारा २:१ मध्ये. ए-फोर कागदाच्या लांब बाजूला ३:१ ची ३४ भोकं बसतात, २:१ ची २३. एका प्रकारच्या भोकांत दुसऱ्या प्रकारची तार जात नाही. आणि एकदा पंच झालेला कागद पुन्हा कोरा होत नाही.

म्हणून १४.३ आणि १६ यांच्यामधली रेघ सगळ्यात महत्त्वाची. तुमची प्रत या रेघेच्या अलीकडे की पलीकडे, हे पंचिंगच्या आधी ठरलं पाहिजे. पुष्कळ लहान दुकानांत एकच मशीन असतं आणि ते ३:१ चं असतं. अशा दुकानात रेघेच्या किंचित पलीकडची प्रत गेली की ती १४.३ मध्येच दाबून बसवली जाते. दुकानदाराची नियत वाईट नसते, त्याच्याकडे त्याहून मोठी तार चढवायची सोयच नसते. पण प्रत मार खाते. तेव्हा कागद त्याच्या हाती देण्यापूर्वी विचारा, “दादा, मशीन तीनास एक आहे की दोनास एक? सोळाची तार लागेल का?” उत्तर नाही आलं तर दुसरं दुकान गाठा, किंवा प्रतीचे दोन भाग करा. पुण्यात अप्पा बळवंत चौकाच्या परिसरात, मुंबईत फोर्टात, किंवा कुठल्याही विद्यापीठाच्या आसपास दोन्ही मशीनं असलेली दुकानं शोधली तर सापडण्यासारखी असतात. तालुक्याच्या गावी पंचिंगच्या आधी फोन करून विचारणं शहाणपणाचं.

वरच्या २४० पृष्ठांचंच उदाहरण घेऊ. एम.ए.च्या लघुप्रबंधाचा मसुदा, दोन्ही बाजूंना छापलेला, ७५ जीएसएमवर. कागद १२०, जाडी १२ मिमी. पुढचं पारदर्शक कव्हर आणि मागचा कार्डशीट मिळून अर्धा मिलिमीटर धरा. झाले साडेबारा. त्यात एक सूत मिळवलं की पावणेसोळाच्या आसपास. म्हणजे १६ मिमी, २:१. हीच प्रत १४.३ मध्ये बसवली तर मोकळीक दोन मिलिमीटरहून कमी उरते. नव्या कोऱ्या कागदाला ती बसलेली दिसेल, पण मार्गदर्शकांनी तीत चार ठिकाणी चिठ्ठ्या लावल्या, कोपरे दुमडले, की मागचं कव्हर ओढ खायला लागेल. तोच मजकूर १०० जीएसएमच्या बाँडवर घेतला तर गठ्ठा पंधरा-सोळा मिलिमीटरवर जातो आणि तार १९ ची लागते. आणि एकाच बाजूला छापलं तर कागद २४०, जाडी २४ मिमी, कव्हरं आणि सूत धरून २८ च्या जवळ. मग ३२ शिवाय पर्याय नाही. मजकूर तोच, पृष्ठं तीच, पण तीन वेगळ्या तारा. ३२ मिमीची प्रत हातात धरून वाचायला अवघड असते हेही लक्षात घ्या. एकाच बाजूला छापणं बंधनकारक नसेल तर मसुद्यासाठी दोन्ही बाजूंनी छापावं.

अंतिम प्रबंध बहुतेक विद्यापीठांत हार्ड बाइंडिंगमध्येच द्यायचा असतो; वायरोची खरी उपयुक्तता त्याआधीच्या प्रतींना. मार्गदर्शकांकडे जाणारा मसुदा पूर्ण उघडा पडतो, मागे दुमडून एका हातात धरता येतो, समासात लिहिता येतं. साध्या प्लॅस्टिकच्या स्पायरलमध्ये तार स्क्रूसारखी फिरत जाते, त्यामुळे उघडल्यावर समोरासमोरची पानं थोडी वरखाली येतात. वायरोत ती सरळ रेषेत राहतात. तक्ता दोन पानांवर पसरलेला असेल, किंवा गाण्याच्या दोन ओळी समोरासमोर वाचायच्या असतील, तर हा फरक मोठा आहे.

भजनी मंडळांनी तर वायरोचा विचार जरूर करावा. ए-फाइव्ह आकाराची, ठळक अक्षरांची, ९६ पृष्ठांची पुस्तिका घ्या. कागद ४८, ८० जीएसएमचे, म्हणजे सुमारे ५ मिमी. ३०० जीएसएमची लॅमिनेट केलेली दोन कव्हरं मिळून आणखी पाऊण मिलिमीटर. सूत मिळवून ९ च्या आसपास, म्हणजे ९.५ ची तार नेमकी. ए-फाइव्हच्या लांब बाजूला ३:१ ची २४ भोकं येतात. पेटीवर ठेवली की सपाट पडून राहते, वादकाला पान दाबून धरावं लागत नाही. एका पुस्तिकेची तार नेमकी ठरली की उरलेल्या पन्नास प्रतींचा प्रश्न सुटला, फक्त सगळ्यांना एकच कागद वापरा. मधेच दुसऱ्या रिमचा जाड कागद आला की अर्ध्या प्रती घट्ट आणि अर्ध्या ढिल्या होतात.

साधा हिशेब चुकतो तो लॅमिनेट केलेल्या पानांत. घरातल्या पाककृती आजीच्या हस्ताक्षरातून झेरॉक्स करून, लॅमिनेट करून, बांधून ठेवणारी कुटुंबं आता बरीच आहेत, आणि ते फार चांगलं काम आहे. १२५ मायक्रॉनचं पाऊच म्हणजे दोन्ही बाजू मिळून पाव मिलिमीटर प्लॅस्टिक. आतल्या कागदासह एक पान ०.३५ मिमीचं झालं. अशी तीस पानं साडेदहा मिलिमीटर भरतात आणि त्यांना १४.३ ची तार लागते, तर तेवढेच साधे कागद ६.४ मध्ये बसले असते. लॅमिनेशन पंच करताना एकावेळी दोन-तीनच पानं घ्यायला सांगा, नाहीतर भोकं तिरकी जातात.

फोटो, पानं-फुलं, कापडाचे नमुने चिकटवलेल्या वह्यांची गोष्ट आणखी वेगळी. तिथे बांधायच्या बाजूला जाडी कमी आणि बाहेरच्या बाजूला जास्त असते, आणि प्रत पंख्यासारखी फुलते. अशा वहीला हिशेबाच्या दोन मापं वरची तार घ्यावी, किंवा प्रत्येक दोन पानांमध्ये तारेच्या बाजूला कागदाची एक अरुंद पट्टी ओवावी, म्हणजे दोन्ही बाजूंची जाडी सारखी होते. पट्टीचा उपाय वेळखाऊ आहे, पण वही वर्षानुवर्षं टिकते. जाड पुठ्ठ्याच्या कव्हरांना मात्र वेगळा नियम नाही. पुठ्ठ्याची जाडी गठ्ठ्यात मोजली की झालं.

साध्या प्रतीला सुताच्या नियमाने आलेल्या मापाच्या वरची तार “असू दे मोठी” म्हणून घेऊ नका. एक माप वर गेलं तर फारसं बिघडत नाही, दोन-तीन मापं वर गेलं तर बिघडतं. मोठ्या तारेत पानं एका बाजूला कलंडतात, प्रत कपाटात उभी राहत नाही, आणि पोकळ राहिलेल्या कड्यांना आतून कागदाचा आधार नसतो. वरून चार पुस्तकं पडली की त्या लांबट होतात. कडी एकदा चेपली की पान तिथेच अडतं. टपालाने किंवा कुरियरने प्रत पाठवायची असेल तर नेमकी तार आणि तिच्या बाजूने गुंडाळलेला जाड पुठ्ठा, दोन्ही हवीत.

पंचिंगच्या आधी समासाकडे एकदा बघा. तारेच्या बाजूला किमान दोन सेंटिमीटर समास असावा. दोन्ही बाजूंना छापत असाल तर वर्डमध्ये मिरर मार्जिन लावा, म्हणजे मागच्या पृष्ठाचा मजकूर भोकांत जाणार नाही. जाड तार असेल तर भोक काठापासून थोडं आत पाडावं लागतं, नाहीतर कडा फाटते. कडेला अर्धं कापलेलं भोक येत असेल तर त्या जागची पिन मशीनमधून काढता येते. बहुतेक मशीनांत ती सोय असते, पण सांगितल्याशिवाय कुणी करत नाही.

तार बंद करणं हाही मापाचाच भाग. तार विकत मिळते तेव्हा ती उघडी, इंग्रजी सी अक्षरासारखी असते. मशीनमध्ये दाबून तिचं वर्तुळ करतात. मशीनवर तारेचं माप लावायची सोय असते आणि ती नीट लावली नाही तर नेमकी तारही वाया जाते. जास्त दाबली तर वर्तुळ चपटं होतं आणि तुमचं एक सूत नाहीसं होतं. कमी दाबली तर दोन टोकांत फट राहते आणि शेवटची पानं एकेक करून सुटतात. चांगला बाइंडर पंच केलेलं मागचं कव्हर उलटं करून पुढच्या कव्हरवर ठेवून ओवतो आणि तार बंद झाल्यावर ते फिरवून मागे नेतो, म्हणजे तारेचा सांधा शेवटचं पान आणि मागचं कव्हर यांच्यामध्ये लपतो. तार लहान असेल तर नेमकं हे फिरवणंच जमत नाही, आणि सांधा उघडा राहतो. दुकानातच मागचं कव्हर पूर्ण गोल फिरवून बघा, शेवटचं पान सांध्यापाशी धरून हलकं ओढा, मग पैसे द्या.

कोकणात, गोव्यात आणि मुंबईत पावसाळ्याचा विचार करावा लागतो. कागद हवेतला ओलावा घेतो, फुगतो, लाटा येतात. एप्रिलमध्ये जेमतेम बसलेली प्रत जुलैमध्ये घट्ट होते. काठावरचं माप आलं तर या भागात वरचीच तार घ्या. तारेवर नायलॉनचा थर असतो, त्यामुळे ती सहसा गंजत नाही, पण कापलेल्या टोकांचं लोखंड उघडं राहतं आणि खाऱ्या हवेत तिथून तांबूस डाग कव्हरवर उतरतात. टोकांवर नेलपॉलिशचा एक थेंब लावला तर हे टळतं.

तीनशेच्या आसपास कागद झाले की वायरोचा हट्ट सोडावा. ३२ च्या पुढे तारच नाही. पूर्ण रिमभर मजकूर असेल तर दोन खंड करा, आणि ते प्रकरणाच्या शेवटी तोडा, कागदांच्या संख्येवर अर्धे करून नको.

ज्या प्रतीत पुढे भर पडणार आहे, उदाहरणार्थ गृहनिर्माण संस्थेच्या ठरावांची नोंद किंवा दरवर्षी वाढणारं अभ्यासाचं टिपण, तिची तार नंतर बदलता येते. जुनी तार कटरने कापून काढायची, नवे कागद त्याच प्रकारे पंच करून घालायचे आणि त्याच भोकांत मोठी तार ओवायची. ९.५ ची जागा ११ घेईल, ११ ची जागा १४.३. पण ३:१ वर सुरू केलेली प्रत १४.३ पलीकडे नेता येणार नाही. अशी वाढती वही अकरा मिलिमीटर जाड झाली की तिथेच पहिला भाग बंद करून दुसरा सुरू करावा. सुरुवातीलाच ती अकरा मिलिमीटरच्या वर जाणार हे दिसत असेल, तर पहिल्या दिवशी २:१ चं पंचिंग करून घ्या. २:१ मध्ये लहान मापाच्या ताराही मिळतात, फक्त त्या दुकानदाराला मागवून ठेवायला सांगाव्या लागतात.